मार्शल विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाचा १९७१ चा हंगाम

अमेरिकेच्या वेस्ट व्हर्जिनिया राज्यातील हंटिंग्टन येथील मार्शल विद्यापीठाच्या 'थंडरिंग हर्ड' या संघाचा १९७१ चा हंगाम महाविद्यालयीन फुटबॉलच्या इतिहासात वेगळ्या कारणासाठी ओळखला जातो. संघाने दहांपैकी दोनच सामने जिंकले. परंतु आदल्या वर्षी जवळजवळ संपूर्ण संघ गमावलेल्या विद्यापीठाने मैदानात संघ उतरवला, हेच या हंगामाचे खरे महत्त्व होय.

१४ नोव्हेंबर १९७० रोजी ईस्ट कॅरोलायना विद्यापीठाविरुद्धचा सामना १७–१४ असा गमावून परतताना संघाचे विमान हंटिंग्टनजवळ उतरण्याच्या बेतात असताना कोसळले. त्यात ३७ खेळाडू, मुख्य प्रशिक्षक रिक टॉली, त्यांचे सहकारी, संघाचे समर्थक व विमान कर्मचारी असे सर्व ७५ जण मृत्युमुखी पडले. समर्थकांमध्ये गावातील अनेक प्रतिष्ठित नागरिक होते, त्यामुळे काही घरांत आईवडील दोघेही एकाच वेळी गेले. फुटबॉल कायमचा बंद करावा, असा विचार तेव्हा गांभीर्याने मांडला गेला आणि त्यात अस्वाभाविक असे काही नव्हते.

तरीही संघ उभा करण्याचे ठरले. मार्च १९७१ मध्ये वूस्टर महाविद्यालयाचे जॅक लेंग्येल मुख्य प्रशिक्षक झाले. विमानात नसल्यामुळे वाचलेले सहप्रशिक्षक रेड डॉसन यांनी आणखी एक हंगाम काम केले. प्रथम वर्षाच्या विद्यार्थ्यांना त्या काळी विद्यापीठाच्या मुख्य संघातून खेळता येत नसे. म्हणूनच १९७० चे नवखे खेळाडू त्या प्रवासाला गेले नव्हते. आता राष्ट्रीय क्रीडा संघटनेने, म्हणजे एनसीएएने, मार्शलपुरता हा नियम शिथिल केला. १९७० चे आणि १९७१ मध्ये नव्याने आलेले नवखे, दुखापतीमुळे मागे राहिलेल्या नेट रफिनसारखे मोजके अनुभवी खेळाडू आणि इतर खेळांतून आलेले विद्यार्थी मिळून 'यंग थंडरिंग हर्ड' तयार झाला. त्याच राज्यातील वेस्ट व्हर्जिनिया विद्यापीठाचे प्रशिक्षक बॉबी बाउडन यांनी आपल्या डावपेचांच्या वह्या व चित्रफिती लेंग्येल यांना मोकळेपणाने पाहू दिल्या. त्यातून स्वीकारलेली 'विअर' ही आक्रमणपद्धती ताकदीपेक्षा चपळाईवर व क्वार्टरबॅकच्या, म्हणजे आक्रमणाची सूत्रे हलवणाऱ्या खेळाडूच्या, क्षणार्धात घेतलेल्या निर्णयावर अवलंबून असल्याने लहान चणीच्या संघाला मानवणारी होती. प्रतिस्पर्ध्याने एवढे औदार्य दाखवल्याची उदाहरणे या खेळात थोडीच सापडतील.

पहिला सामना मोरहेड स्टेटने २९–६ असा जिंकला. २५ सप्टेंबर रोजी हंटिंग्टनच्या फेअरफील्ड मैदानावर झेवियर विद्यापीठाशी गाठ पडली. अखेरची एकच खेळी उरली असताना मार्शल ९–१३ असा मागे होता. क्वार्टरबॅक रेजी ऑलिव्हरने एका बाजूला धाव घेऊन बचावफळीला तिकडे ओढले आणि उलट दिशेला टेरी गार्डनरकडे 'स्क्रीन पास', म्हणजे सहकाऱ्यांच्या आडोशामागे उभ्या खेळाडूकडे छोटी फेक, दिला. पुढच्या सहकाऱ्यांनी अडवणूक करून मोकळ्या केलेल्या वाटेने गार्डनर चेंडूसह प्रतिस्पर्ध्याच्या अंतिम रेषेपलीकडे पोहोचला व टचडाउनचे सहा गुण मिळाले, तेव्हा वेळ संपलेली होती. अपघातानंतरच्या या पहिल्या विजयाचा निकाल १५–१३ असा लागला. सामना संपल्यावरही प्रेक्षक बराच वेळ मैदानातून हलले नाहीत.

पुढे मोठे पराभव झाले, काही सामन्यांत एकही गुण मिळाला नाही. बोलिंग ग्रीन विद्यापीठाविरुद्धचा १२–१० हा हंगामातील दुसरा आणि शेवटचा विजय होता. लेंग्येल १९७४ पर्यंत प्रशिक्षक राहिले. त्यांच्या चार हंगामांत ९ विजय व ३३ पराभव नोंदले गेले. पराभवांपेक्षा विजयांची संख्या जास्त असलेला हंगाम मार्शलला थेट १९८४ मध्ये मिळाला.