चंद्रकांत मणी खरंच पाझरतो का?

कोजागिरी जवळ आली की ‘चंद्रकांत मणी रात्रभर चांदण्यात ठेवून चार्ज करा’ असे सल्ले मोबाइलवर फिरू लागतात. त्यांच्या मुळाशी एक जुना कविसंकेत आहे. संस्कृत काव्याच्या जगात चंद्रकांत हा असा दुर्मीळ मणी आहे, की चंद्रकिरण पडताच त्याला पाझर फुटतो. भवभूतीच्या ‘उत्तररामचरिता’त तो द्रवतो. ज्ञानेश्वरीच्या पहिल्या अध्यायातही अर्जुनाचं मन विरघळतं, तेव्हा दृष्टांत येतो तो याच मण्याचा. काव्यातला हा मणी अतिशय सुंदर आहे आणि त्याला कुणी हात लावू नये. प्रश्न आहे तो सराफाकडे मिळणाऱ्या दगडाचा.

तो दगड पाझरत नाही. निरभ्र रात्री उघड्यावर ठेवला तर ओला मात्र होऊ शकतो, आणि त्याचं कारण दव. ढग नसले की जमिनीवरची प्रत्येक वस्तू अवरक्त किरणांच्या रूपाने आकाशाकडे उष्णता टाकत राहते. दर चौरस मीटरमागे साधारण ५० वॅट किंवा त्याहून जास्त. पृष्ठभाग दवबिंदूच्या तापमानाखाली उतरला, की हवेतली वाफ त्यावर पाणी होऊन बसते. पूर्ण चंद्राचा प्रकाश सूर्यप्रकाशाचा सुमारे चार लाखावा भाग, म्हणजे दर चौरस मीटरला काही मिलिवॅट. त्याने झालाच तर दगड नखभर तापेल. पाणी आणतं ते निरभ्र आकाश, आणि चंद्र लख्ख दिसतो तोही त्याच रात्री. दोन गोष्टी एकत्र घडतात म्हणून एक दुसरीचं कारण ठरत नाही. शेजारी ताटली ठेवून पाहा, तीही ओली होईल. तीच ताटली छपराखाली ठेवली तर बहुधा कोरडी राहील.

खरी जादू म्हणजे दगडावर तरंगणारी निळसर किंवा दुधी झळाळी, आणि तिचं मूळ दगडाच्या पोटात आहे. चंद्रकांत (इंग्रजीत मूनस्टोन) हा फेल्डस्पार या खनिजगटातला स्फटिक. त्यात सिलिकॉन, ॲल्युमिनियम आणि ऑक्सिजन यांचा सांगाडा असतो आणि सांगाड्यातल्या पोकळ्यांत पोटॅशियम किंवा सोडियम बसतं. शिलारसाच्या तापमानाला सांगाडा सैल असतो आणि दोघांचे आयन, म्हणजे विद्युतभारित अणू, हवे तसे मिसळून राहतात. तापमान उतरू लागलं की सांगाडा आवळतो. पोटॅशियमचा आयन सोडियमच्या आयनापेक्षा सुमारे एकतृतीयांशाने मोठा, त्यामुळे आता दोघांना एकाच घरात नांदणं जड जातं. घन अवस्थेतच, सांगाडा न मोडता, आयन एकेक जागा सरकत वेगळे होतात: एक पदर पोटॅशियमवाल्या ऑर्थोक्लेजचा, त्यावर एक सोडियमवाल्या अल्बाइटचा, पुन्हा ऑर्थोक्लेजचा. चिरोट्याला पदर असतात तसे, फक्त या पदरांची जाडी १०० नॅनोमीटरच्या आसपास.

इथे सगळा खेळ थंड होण्याच्या वेगाचा आहे. ज्वालामुखीतून बाहेर पडून लाव्हा झटकन निवला तर आयनांना सरकायला वेळच मिळत नाही. स्फटिक एकजीव राहतो आणि झळाळी शून्य. फारच सावकाश निवला तर पदर जाड होत जातात, झळाळी आधी पांढरट होते आणि मग नाहीशी. मधल्या अरुंद वेगातच चंद्रकांत घडतो.

दोन पदरांचा अपवर्तनांक, म्हणजे पदार्थ प्रकाशाला किती वळवतो त्याचं माप, किंचित वेगळा असतो, म्हणून प्रत्येक सीमेवर थोडा प्रकाश विखुरतो. विखुरणाऱ्या गोष्टीचा आकार प्रकाशाच्या तरंगलांबीहून बराच लहान असेल, तर विखुरण्याचं प्रमाण तरंगलांबीच्या चौथ्या घाताच्या व्यस्त असतं. ६५० नॅनोमीटरच्या तांबड्यापेक्षा ४५० नॅनोमीटरचा निळा चौपटीहून जास्त विखुरतो. आकाश निळं दिसतं त्याच नियमाने पातळ पदरांचा चंद्रकांत निळा झळाळतो. पदर जाडावले की सगळे रंग सारखेच विखुरतात आणि दुधी झाक येते. सर चंद्रशेखर वेंकट रामन आणि सहकाऱ्यांनी श्रीलंकेच्या चंद्रकांतांवर १९५० साली याच प्रकाश-विखुरण्याविषयी शोधनिबंध लिहिला. असाच दगड अतिउच्च तापमानाला बराच काळ तापवला, तर आयन पुन्हा मिसळतात, पदर पुसले जातात आणि झळाळीही जाते.

पैलू पाडणाऱ्याचं कसब इथेच लागतं. घुमटाकार दगडाचा तळ पदरांना समांतर ठेवावा लागतो. तो कोन चुकला की झळाळी मध्यावरून घसरून कडेला जाते आणि चांगला दगड वाया जातो. फेल्डस्पार जवळजवळ काटकोनातल्या दोन दिशांनी सहज चिरतो, म्हणून आपटणं, वाफेने किंवा अल्ट्रासॉनिक यंत्राने साफ करणं टाळावं. कोमट पाणी, साबण आणि मऊ कापड पुरे.

बाजारात दोन गोंधळ फार होतात. ‘रेनबो मूनस्टोन’ म्हणून विकला जातो तो लॅब्राडोराइट. फेल्डस्पारच, पण कॅल्शियम-सोडियमचा. ‘ओपलाइट’ ही तर दुधी काच. ती उजेडासमोर धरली की नारिंगी दिसते, भिंगाखाली गोल बुडबुडे सापडू शकतात आणि तिची निळाई दगड फिरवला तरी सरकत नाही. चंद्रकांताची झळाळी दगड तिरपा करताच पृष्ठभागावरून वाहत जाते.

चंद्रकांत आणि लॅब्राडोराइट घनतेवरूनही वेगळे ओळखता येतात, आणि घनता घरीही मोजता येते. ०.०१ ग्रॅम दाखवणारा वजनकाटा घ्या. दगडाचं वजन करा. मग पाण्याचा पेला काट्यावर ठेवून आकडा शून्य करा आणि दगड बारीक दोऱ्याने पाण्यात पूर्ण बुडेल असा लटकवा. आता दिसणारा आकडा म्हणजे बाजूला सारलेल्या पाण्याचं वजन. २ ग्रॅमच्या दगडाला ०.७८ आला, तर २ भागिले ०.७८ म्हणजे २.५६, चंद्रकांताच्या २.५६ ते २.५९ या पट्ट्यात. लॅब्राडोराइट २.७० च्या जवळ जातो. दगड पेल्याच्या तळाला टेकला तर काटा दगडाचंच वजन दाखवू लागतो. बुडबुडे चिकटले तर घनता खोटी कमी येते. पाण्यात साबणाचा एक थेंब टाकला की ते सुटतात. दोन ग्रॅमहून लहान दगडावर मात्र या काट्याचा भरवसा धरू नये: ०.०१ ची चूकही निकाल ०.०३ ने हलवते.