गोल्डफिशने खडा गिळला की तोंडात अडकला?

"माशाने खडा गिळला, आता काय करू?" हा फोन मला गोव्यात चवथीच्या, म्हणजे गणेश चतुर्थीच्या, आसपास हमखास येतो. घराची साफसफाई, रंगरंगोटी चाललेली असते, त्याच ओघात टाकीही धुतली जाते आणि तळाला नवे रंगीत खडे पडतात. दोन-चार दिवसांनी फोन. मी एकच विचारते, त्याचं तोंड मिटतंय का? बहुतेकांनी ते पाहिलेलंच नसतं. परत जाऊन पाहतात आणि सांगतात, नाही, उघडंच आहे. मग तो खडा गिळलेला नाही, अडकलेला आहे. शब्दावरून कटकट करते म्हणून काहीजण चिडतात. पण गिळलेल्या खड्याला हात लावायचा नसतो, आणि अडकलेल्याला कधीतरी हात लावावाच लागतो. इथे शब्द चुकला की उपाय चुकतो, आणि भोगतो तो मासा.

पोटाच्या तक्रारीबद्दल फार लिहीत नाही. पोट फुगलेला, तिरका तरंगणारा, मागे विष्ठेची लांब दोरी ओढत फिरणारा गोल्डफिश टाकी ठेवणाऱ्या प्रत्येकाने पाहिलेला आहे. एक-दोन दिवस उपास, मग साल काढलेला उकडलेला वाटाणा, पुढे दाणे पाण्यात भिजवून देणं, एवढ्यावर बरेचदा भागतं. हे सगळ्यांना पाठ आहे, आणि घोळ तिथूनच सुरू होतो. 'खडा' आणि 'गिळला' हे दोन शब्द एकत्र ऐकले की कोणीतरी लगेच वाटाणा सुचवतं. तोंडात दगड आडवा बसलेल्या जीवाला वाटाणा. मला याचा खरंच राग येतो, कारण एकदा मीसुद्धा तेच केलं होतं. ते पुढे सांगते.

आधी गोल्डफिशचा घसा समजून घ्या. मानशीवरचा, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या दाराशी पकडलेला, शेवटो (बोय मासा) घरी साफ केला असेल तर त्याच्या पोटातून निघणारा गाळ तुम्ही पाहिला असेल. शेवटो खाजनातल्या (बांध घातलेल्या खाऱ्या जमिनीतल्या) चिखलावर जगतो, चिखल-रेती सरळ गिळतो. त्याच्या जठराचा एक भाग कलेजीबरोबर मिळणाऱ्या कोंबडीच्या पेट्यासारखा जाड आणि घट्ट असतो. तिथे रेतीच्या मदतीने अन्न रगडलं जातं. म्हणजे रेती पोटात जाणं हा शेवट्याचा रोजचा व्यवहार आहे.

गोल्डफिशला मुळात जठरच नाही. घशातून अन्न थेट लांब, गुंडाळलेल्या आतड्यात जातं. जबड्यावर दात नाहीत. दात आहेत ते घशात. बांगडा साफ करताना झाकण उचलून आपण लाल कल्ले उपटतो ना, गोल्डफिशमध्ये त्या कल्ल्यांच्या मागे, अन्ननलिकेच्या दाराशीच ते दात बसलेले असतात. वरच्या बाजूला एक टणक गादी असते, तिच्यावर ते अन्न चिरडतात. त्याच्याही अलीकडे, टाळूला स्नायूंची एक मांसल उशी असते, चवीच्या कळ्यांनी गच्च भरलेली. गोल्डफिश तळाचा घास उचलतो, तोंडात खळखळवतो, ही उशी खाण्याजोगा कण धरून ठेवते आणि बाकीचं तो थुंकून टाकतो. अगदी बारीक रेती कल्ल्यांच्या फटींतूनही बाहेर पडते. दिवसभर खडे उचलणं आणि थुंकणं चाललेलं दिसतं ते हेच. त्याला काही झालेलं नाही, तो जेवतो आहे. त्यासाठी कोणाला फोन करायची गरज नाही.

आता मुद्दा असा की, इतकी राखण असलेल्या घशातून वाटाण्याएवढा खडा पोटात उतरणं फार अवघड आहे. दातांच्या पलीकडे गेलाच तर तो इतका लहान असतो की बहुतेकदा विष्ठेबरोबर बाहेर पडतो. ऑस्कर किंवा रेड-टेल कॅटफिश यांची गोष्ट वेगळी. ते आ वासून सगळं एकदम आत ओढतात, खाण्याबरोबर खडेही खरोखर गिळतात, आणि कॅटफिश कधीकधी ते ओकूनही टाकतो. पण गोल्डफिशवाल्यांनी 'गिळला' हा शब्द शेवटी वापरावा, पहिल्यांदा नाही.

अडकतो तो मधल्या मापाचा खडा. तोंडापेक्षा मोठा दगड आत जाऊच शकत नाही. मोहरीएवढा कण सहज बाहेर पडतो. पण तोंडाच्या रुंदीला जेमतेम बसणारा, चपटा किंवा कोन असलेला खडा उभा आत जातो, आत गेल्यावर आडवा होतो आणि दोन्ही बाजूंनी पाचर बसावी तसा घट्ट बसतो. दुकानात पाकिटातून मिळणारे रंगीत खडे मसुरीपासून वाटाण्यापर्यंतच्या मापाचे असतात, म्हणजे नेमके नको ते माप. आणि मासा वाढतो हे लोक विसरतात. पिल्लू आणलं तेव्हा ज्या खड्याला त्याचं तोंड पुरत नव्हतं, तोच खडा वर्षभराने त्याच्या तोंडात बरोबर मावतो. "इतके दिवस काही झालं नाही" हे त्यामुळेच मला पटत नाही.

ओळखायचं कसं? काचेजवळ जाऊन माशाकडे समोरून पाहा, बाजूने नाही. अडकलेल्या माशाचं तोंड उघडं असतं आणि उघडंच राहतं. निरोगी मासा क्षणाक्षणाला ओठ मिटतो, याला ते जमत नाही. मध्येच तो डोकं झटकतो, मागे सरकतो, थुंकायची धडपड करतो. दाणा टाकला तर धावत येतो, तोंड लावतो आणि दाणा तिथेच राहतो. मोबाईलची बॅटरी समोरून धरली की बऱ्याचदा खड्याचा रंग सरळ दिसतो. पोट फुगलेला मासा याच्या अगदी उलट: तोंड व्यवस्थित उघड-मीट करतं, बिघाड असतो तो पोहण्यात आणि विष्ठेत. पाण्यात हवा कमी पडली तरी तोंड उघडं दिसतं, पण तेव्हा टाकीतले सगळेच मासे वर येऊन धापा टाकतात. आमच्याकडे पावसात वीज जाऊन पंप बंद पडला की हे दिसतं. ओठांवर पांढरा कापूस दिसला तर तो संसर्ग, त्याला खड्याशी जोडू नका.

माझी चूक ही. डिचोलीच्या घरी माझा ओरांडा जातीचा एक गोल्डफिश होता, मुठीएवढा. एका सकाळी तो कोपऱ्यात तोंड वासून उभा. ज्या दुकानातून घेतला होता तिथे विचारलं, तर सांगितलं, "खडा गिळला असेल, वाटाणा द्या." मी दिवसभर वाटाणा देत राहिले. तो प्रत्येक वेळी यायचा, तोंड लावायचा, परत जायचा, आणि मला वाटायचं याची भूक मेली. भूक मुळीच मेली नव्हती, तोंडात जागाच नव्हती. पाण्यात पडलेले वाटाणे संध्याकाळपर्यंत कुजले, पाणी गढूळ झालं, आणि खड्याच्या त्रासावर घाण पाण्याचा त्रास वाढला. रात्री बॅटरी धरली तेव्हा निळा खडा दिसला. तो दिवस मी नुसती शांत बसले असते तरी त्याचं भलं झालं असतं.

कारण पहिला उपाय खरोखर थांबणं हाच आहे. खडा अडकला म्हणजे श्वास बंद झाला असं नाही. खड्याच्या कडेने पाणी आत जात राहतं, कल्ले चालू असतात. कल्ले संथ हलत असतील, मासा सरळ उभा असेल, तर टाकीचा दिवा मालवा, खाणं बंद ठेवा, हवेचा पंप चालू ठेवा आणि दुसऱ्या सकाळपर्यंत त्याला त्याचं काम करू द्या. पुष्कळ मासे रात्रीतून खडा थुंकतात. उपाशी राहण्याची काळजी करू नका, गोल्डफिशला एक-दोन दिवसांचा उपास सहज झेपतो. पण कल्ले जोरात धपापत असतील किंवा मासा तळाला कलंडला असेल तर सकाळची वाट पाहू नका.

हात लावायची वेळ आली तर दोन माणसं हवीत. एक पसरट टब टाकीच्याच पाण्याने भरून घ्या. हात साबणाशिवाय धुवा आणि ओलेच ठेवा. कोरड्या हाताने किंवा टॉवेलने माशाच्या अंगावरचा बुळबुळीत थर निघतो, आणि तोच त्याचं संरक्षण करतो. मासा तळहातावर घ्या, तोंड खाली, शेपटी वर. दुसऱ्या हाताच्या अंगठ्याने आणि बोटाने हनुवटीखाली, खड्याच्या मागच्या बाजूने अगदी हलका दाब पुढे, तोंडाकडे द्या. दाब घशाकडे कधीच द्यायचा नाही. खड्याचं टोक बाहेर दिसत असेल तर बोथट टोकाच्या चिमट्याने एका बाजूने उचला, म्हणजे आडवा बसलेला खडा पुन्हा उभा होतो आणि सुटतो. अर्ध्या मिनिटात जमलं नाही तर मासा पाण्यात सोडा, त्याला दम घेऊ द्या, मग परत. दोन-तीनदा करूनही सुटला नाही तर थांबा आणि जनावरांच्या डॉक्टरांना गाठा. आपल्याकडे डॉक्टरांकडे गाय आणि कुत्रा जास्त येतात, म्हणून निघण्याआधी फोन करून ते मासा बघतात का ते विचारा. लवंगेच्या तेलाने माशाला गुंगी देऊन खडा काढता येतो, पण ते माप डॉक्टरांनी ठरवायचं. घरी थेंब मोजत बसणं मला मान्य नाही. माशाला शेपटीला धरून झटकणाऱ्यांशी तर मला बोलायचंही नाही.

खडा निघाल्यावर ओठ एक-दोन दिवस सुजलेले दिसतील. स्वच्छ पाणी आणि भिजवलेलं मऊ खाणं पुरे. वाटाणा द्यायचा तर आता द्या.

आणि खरोखर गिळला असेल तर? म्हणजे तोंड रिकामं दिसतंय, मिटतंय, मासा खातोय, पण खडा आत जाताना तुम्ही डोळ्यांनी पाहिलाय. तर पोट दाबू नका. विष्ठा होते का ते पाहत राहा. विष्ठा थांबली आणि पोट एका बाजूने फुगलं तर डॉक्टर.

तळाला काय घालायचं यावर माझं मत ठाम आहे: बारीक रेती, दाणा १ मिलिमीटरपेक्षा लहान, थर पातळ. नाहीतर लिंबाएवढे गुळगुळीत गोटे. मधलं काही नको. तळ उघडा ठेवा असं सांगणारेही आहेत, मासा त्यात सुरक्षित असतो हे खरं, पण घास खळखळवणं हा त्याचा दिवसभराचा उद्योग, तो काढून घ्यायला माझं मन होत नाही. रेती समुद्रावरून आणू नका, मिरामारची असो की हरमलची. तिच्यात शिंपल्यांचा चुरा असतो, तो पाणी जड करतो, शिवाय मीठ. बांधकामाची खडी धारदार असते, जांभ्याचे तुकडे पाण्यात लाल माती सोडतात. मी स्विमिंग पूलच्या फिल्टरमध्ये घालतात ती सिलिका रेती वापरते. इतक्या हॉटेलांमुळे गोव्यात ती मिळायला अडचण येत नाही. बादलीत घालून, वर स्वच्छ पाणी येईपर्यंत धुवायची. मला सात-आठ पाणी लागतात.