सहभागी डॉक्युमेंटरी म्हणजे नक्की कोण कोणात सहभागी?

पार्टिसिपेटरी (म्हणजे सहभागी) डॉक्युमेंटरी हा शब्द हल्ली फारच सैल वापरला जातो. डिरेक्टर स्वतः फ्रेममध्ये येऊन कुणाला चार प्रश्न विचारतो ती पण पार्टिसिपेटरी, आणि गावातल्या बायकांनी स्वतः कॅमेरा धरून केलेली तीही पार्टिसिपेटरीच. दोन्हीत जमीन अस्मानाचा फरक आहे. गोंधळाचं मूळ पुस्तकात सापडतं. बिल निकोल्स नावाच्या अमेरिकन अभ्यासकाने १९९१ मध्ये डॉक्युमेंटरीचे चार प्रकार सांगितले होते, त्यातला एक होता इंटरॅक्टिव्ह. पुढे २००१ च्या पुस्तकात चाराचे सहा झाले (पोएटिक, एक्स्पोझिटरी, ऑब्झर्व्हेशनल, पार्टिसिपेटरी, रिफ्लेक्झिव्ह, परफॉर्मेटिव्ह, परीक्षेला हेच विचारतात) आणि जुन्या इंटरॅक्टिव्हचं बारसं होऊन तो पार्टिसिपेटरी झाला. म्हणजे निकोल्सच्या हिशोबात सहभागी होतो तो फिल्ममेकर, लोकांच्या जगात. पण तोपर्यंत कॅनडात आणि आपल्याकडे हाच शब्द बरोब्बर उलट्या अर्थाने रुळला होता, लोक सहभागी होतात ते फिल्म बनवण्यात.

माझं स्वतःचं माप साधं आहे. शूट केलेलं परत नेऊन त्याच लोकांना दाखवलं का, आणि ते जे बोलले त्याने एडिटमध्ये काही हललं का? एवढं विचारलं की बऱ्याच फिल्म्स गळून पडतात.

गंमत म्हणजे दाखवण्याची सुरुवात अगदी पहिल्याच गाजलेल्या डॉक्युमेंटरीपासून आहे. रॉबर्ट फ्लाहर्टीचा 'नानूक ऑफ द नॉर्थ' १९२२ चा. हा माणूस कॅनडाच्या उत्तरेत कॅमेऱ्यासोबत फिल्म धुवायचं आणि दाखवायचं सामानही घेऊन गेला होता, तिथेच रीळ धुवायचा आणि तिथल्या मूळच्या इनुइट लोकांना दाखवायचा, मग पुढचा सीन काय करायचा ते त्यांच्याशी बोलून ठरायचं. पण त्याच फिल्ममध्ये उजेड यावा म्हणून इग्लू अर्धा कापलेला आहे, हिरोचं खरं नाव नानूक नव्हतंच, ते होतं अलाकारियालाक, आणि बंदुका वापरणाऱ्या माणसांना भाल्याने शिकार करायला लावलंय. म्हणजे दाखवलं खरं, पण पॅरिसच्या एका फर कंपनीच्या पैशातून बनणाऱ्या फिल्मची गोष्ट कुठली सांगायची हे फ्लाहर्टीनेच ठरवलं.

मग ब्रिटनमधला फिल्ममेकर जॉन ग्रिअरसन आला. त्याच्यावर इथे फार लिहीत नाही, डॉक्युमेंटरी हा शब्द त्याच्या १९२६ च्या एका परीक्षणामुळे रुळला आणि सरकारी किंवा कंपनीच्या पैशातून समाजाला शहाणं करणाऱ्या फिल्म्स ही ब्रिटिश शाळा त्याचीच. आपली सरकारी फिल्म्स डिव्हिजन १९४८ ची, ती याच वळणावर गेली. थेटरात मुख्य सिनेमाच्या आधी जे दाखवायचे आणि लोक तेवढ्यात वेफर्स घेऊन यायचे, ते धरणं आणि कुटुंब नियोजनाचं भारदस्त आवाजातलं निवेदन आठवत असेल तर एक्स्पोझिटरीची, म्हणजे निवेदनातून समजावून सांगणाऱ्या फिल्मची, व्याख्या वेगळी पाठ करायची गरज नाही. (त्यातही सुखदेव, शास्त्री, प्रमोद पती असे चक्रम डिरेक्टर होते, पण तो वेगळा विषय.)

खरा धागा पुढे जातो तो ज्याँ रूशकडे. हा फ्रेंच इंजिनिअर, दुसऱ्या महायुद्धाच्या काळात रस्ते-पूल बांधायला नायजरमध्ये गेला आणि फिल्ममेकर होऊन बसला. १९५१ मध्ये त्याने नायजर नदीवरच्या पाणघोड्याच्या शिकारीवर फिल्म केली आणि काही वर्षांनी ती त्याच गावात नेऊन पडद्यावर दाखवली. शिकारीच्या सीनला त्याने शिकाऱ्यांचंच पारंपरिक संगीत लावलं होतं, याला वाटलं लोक खुश होतील. झालं उलटंच. शिकारी म्हणाले, शिकारीच्या वेळी गाणं कसलं? पाणघोड्याचे कान तिखट असतात, एवढ्या आवाजात तो थांबेल का, पळून नाही का जाणार? रूशने ते संगीत काढून टाकलं. माझ्या मते सहभागी डॉक्युमेंटरीचा जन्म कुठे असेल तर इथे, म्युझिक ट्रॅक काढण्यात.

त्यानंतर १९६० च्या उन्हाळ्यात रूश आणि समाजशास्त्रज्ञ एडगर मोराँ यांनी पॅरिसमध्ये लोकांना "तुम्ही सुखी आहात का?" असं विचारत जी फिल्म केली ती 'क्रॉनिकल ऑफ अ समर'. हे शक्य झालं कारण तोपर्यंत खांद्यावर मावणारा १६ एमएम कॅमेरा आणि नाग्रा टेपरेकॉर्डर आला होता, त्याआधी चालत्या माणसाचा आवाज जागेवरच घ्यायचा म्हणजे लवाजमा लागायचा. त्यात मार्सेलिन लोरिदाँ नावाची बाई एकटी पॅरिसच्या रिकाम्या चौकातून चालत असते, टेपरेकॉर्डर तिच्याच अंगावर, आणि ती छळछावणीत नेलेल्या आपल्या वडिलांशी हळू आवाजात बोलत राहते. शेवटी सगळ्यांना बोलावून फिल्म दाखवली तर कोणी म्हणालं खोटं वाटतं, कोणी म्हणालं हे असं उघडं करणं बरं नाही, आणि ती भांडणं पण फिल्ममध्येच ठेवली. त्याच वर्षी अमेरिकेत ड्रू, लीकॉक, पेनेबेकर या फिल्ममेकर मंडळींनी तशीच हलकी यंत्रं घेऊन निवडणूक प्रचारावर 'प्रायमरी' ही फिल्म केली पण त्यांचा बाणा वेगळा, भिंतीवरच्या पालीसारखं गुपचूप बघत राहायचं. यंत्रं सारखी आणि निघाले दोन पंथ.

पण पॅरिसमध्येही एडिटची कात्री रूशच्याच हातात होती. ती थोडी सरकली १९६७ मध्ये, कॅनडाच्या न्यूफाउंडलंडजवळच्या फोगो बेटावर. साधारण पाच हजार वस्ती, मासेमारी बसलेली, सरकार म्हणतंय बेट सोडा. तिथल्या सरकारी नॅशनल फिल्म बोर्डाचा डिरेक्टर कॉलिन लो तिथे गेला आणि प्रश्नावर एक मोठी फिल्म न करता त्याने माणसागणिक, प्रसंगागणिक छोट्या छोट्या पंचवीस-तीस फिल्म्स केल्या. नियम असा की रशेस, म्हणजे शूट केलेलं कच्चं फुटेज, आधी त्या माणसाला दाखवायचे, त्याला नको असेल ते बाद. मग त्या वाडीवाडीत दाखवल्या, मंत्र्याला दाखवल्या, मंत्र्याचं उत्तर शूट करून परत बेटावर आणलं. पुढे बेटावर को-ऑपरेटिव्ह उभी राहिली आणि लोक तिथेच राहिले. हे फिल्ममुळेच झालं असं सांगतात ते मात्र जरा जास्तच होतं, गावकऱ्यांची कमिटी तिथे आधीपासून काम करत होती.

आता आपल्याकडे. याची सगळ्यात चांगली सुरुवात मराठीत आहे आणि ती आपल्याला माहीतच नसते याचं मला वाईट वाटतं. १९८० च्या सुमारास दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि कॅमेरामन नवरोझ कॉन्ट्रॅक्टर यांनी युगांतर नावाचा गट काढला. पहिली फिल्म 'मोलकरीण', १९८१, पुण्यातल्या घरकाम करणाऱ्या बायकांच्या संपावर आणि संघटनेवर. दुसरी 'तंबाखू चाकीला ऊब आली', १९८२, निपाणीची. निपाणी कर्नाटकात असली तरी तिथली बोली आपलीच. तिथे तंबाखूच्या कारखान्यात राबणाऱ्या हजारो बायका संघटित झाल्या होत्या, आणि हे लोक चार महिने तिथे राहिले, नुसतं ऐकत. कारखान्याच्या आतलं काम कसं चालतं हे तोवर कुणी पडद्यावर बघितलं नव्हतं. २५ मिनिटांची ब्लॅक अँड व्हाइट फिल्म, आणि ती दुसरीकडच्या कामगार बायकांना दाखवून चर्चा घडवायची हाच मुळात हेतू.

त्याच दशकात आनंद पटवर्धनांची मुंबईतल्या झोपडपट्टीवाल्यांवरची 'हमारा शहर' आली, १९८५. त्यात झोपडी तुटलेली एक बाई थेट फिल्मवाल्यांवरच खेकसते, की गरिबांचे फोटो काढून नाव कमावता, करणार काय तुम्ही? तो सीन त्यांनी कापला नाही. निकोल्सच्या अर्थाने ही पक्की पार्टिसिपेटरी. कात्री डिरेक्टरचीच, पण निदान शिवी तरी ठेवली.

कॅमेरा मात्र व्हिडिओ आल्यावरच खऱ्या अर्थाने हात बदलू लागला. १९८४ मध्ये अहमदाबादला सेवा या कष्टकरी बायकांच्या संघटनेच्या वीसेक बायका तीन आठवड्यांत व्हिडिओ शिकल्या, त्यात माणेक चौकात भाजी विकणाऱ्या होत्या, काहींना अक्षरओळखही नव्हती. आणि मग तेलंगणातलं पस्तापूर, जहिराबादजवळ, सोलापूर-हैदराबाद रस्त्याने जाताना लागतं तो भाग. तिथे डेक्कन डेव्हलपमेंट सोसायटी या स्वयंसेवी संस्थेतल्या दलित शेतकरी बायका फिल्म करायला शिकल्या. लो अँगल, टॉप अँगल हे शब्द त्यांनी बाजूला ठेवले आणि स्वतःची नावं दिली. वरून खाली बघणारा तो पटेल शॉट, कारण जमीनदार तसाच बघतो. खालून वर बघणारा तो गड्याचा शॉट. आणि डोळ्याला डोळा भिडवून घेतलेला तो संघम शॉट, कारण संघमच्या, म्हणजे गावातल्या बायकांच्या गटाच्या, बैठकीत सगळ्या एकाच जमिनीवर बसतात. शूटिंग करताना त्या तोच जास्त घेतात.