खजिनदाराची खुर्ची आणि जेसी अन्रू

2023 च्या ऑक्टोबरमध्ये कॅलिफोर्नियाचे गव्हर्नर गॅविन न्यूसम यांनी जातिभेदाविरुद्धचं विधेयक सही न करता परत पाठवलं. त्याआधी काही महिने तिथल्या भारतीयांमध्ये सरळ दोन तट पडले होते. आंबेडकरी संघटना विधेयकाच्या बाजूने, काही हिंदू संघटना विरोधात. सिनेटर आयशा वहाब यांचं हे विधेयक म्हणजे कोरा करकरीत नवा कायदा नव्हता. राज्यात आधीपासून असलेल्या कायद्यांमध्ये 'वंशपरंपरा' असा शब्द आहे, त्याच्या अर्थात जातही येते हे स्पष्ट लिहावं, एवढीच मागणी होती. न्यूसम यांचं म्हणणं, ते संरक्षण आत्ताच्या कायद्यात आहेच. या कायद्यांपैकी एकाचं नाव बातम्यांमध्ये सारखं येत होतं: अन्रू नागरी हक्क कायदा, 1959.

हे अन्रू कोण, हे सांगायच्या भानगडीत फारसं कुणी पडलं नाही. गंमत अशी की कॅलिफोर्नियाच्या राजकारणातल्या जुन्या मंडळींना त्यांचं नाव काढलं की हा कायदा आधी आठवत नाही. आठवतं ते त्यांचं एक वाक्य: पैसा हे राजकारणाचं आईचं दूध आहे. आणि हे म्हणणारा माणूस आयुष्याची शेवटची साडेबारा वर्षं राज्याचा खजिनदार होता.

जेसी मार्व्हिन अन्रू यांचा जन्म 1922 चा, कॅन्सस राज्यातल्या न्यूटन गावचा. बाप बटईने दुसऱ्याची जमीन कसणारा, लिहिता-वाचता न येणारा. पुढे कुटुंब टेक्ससमध्ये गेलं आणि तिथेही दारिद्र्य काही सुटलं नाही. दुसऱ्या महायुद्धात अन्रू नौदलात होते. युद्ध संपल्यावर सैनिकांना सरकारी खर्चाने शिकता येत होतं. त्या सवलतीवर त्यांनी लॉस एंजेलिसच्या सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठातून 1948 मध्ये पदवी घेतली. राजकारणाची चटक तिथेच लागली. विधानसभेच्या दोन निवडणुका हरले, तिसऱ्यांदा 1954 मध्ये निवडून आले. पक्ष डेमोक्रॅटिक.

1959 चा कायदा ही त्यांची पहिली मोठी कामगिरी, आणि ती नीट समजून घ्यावी अशी आहे. त्याआधीच्या कायद्यात भेदभाव कुठे करायचा नाही याची यादीच दिलेली होती: खाणावळी, हॉटेलं, न्हाव्याची दुकानं, स्नानगृहं, नाटकगृहं, स्केटिंगच्या जागा वगैरे. यादी आली की पळवाट आलीच. दाताच्या डॉक्टरचा दवाखाना यादीत कुठे आहे? खासगी दफनभूमी कुठे आहे? पन्नाशीच्या दशकात कोर्टांनी अशा प्रकरणांत गोऱ्यांव्यतिरिक्त इतरांना दारातूनच परत पाठवायला मोकळीक देऊन टाकली. अन्रूंच्या विधेयकाने यादीच फाडून टाकली आणि लिहिलं, कोणत्याही प्रकारचा व्यवसाय, सगळे. एका शब्दाच्या जागी दुसरा शब्द ठेवून केवढा फरक पडतो, ते साठ-पासष्ट वर्षांनी जातीच्या वादात पुन्हा दिसलं.

1961 मध्ये ते विधानसभेचे अध्यक्ष झाले, म्हणजे तिकडच्या भाषेत स्पीकर. आपल्याकडे अध्यक्ष खुर्चीवर बसला की पक्षापासून निदान कागदोपत्री तरी लांब राहतो. तिथे उलट. स्पीकर हाच सभागृहातला आपल्या पक्षाचा सर्वांत मोठा नेता. कोणत्या समितीवर कोण, कुणाचं विधेयक पुढे सरकणार, सगळं त्याच्या हाती. अन्रूंनी त्यात आणखी एक गोष्ट जोडली. लॉबीवाले, म्हणजे कंपन्यांची कामं करून घ्यायला आमदारांमागे फिरणारे लोक, पूर्वी आमदारांना सुटेसुटे गाठून पैसे देत. अन्रूंनी तो ओघ स्वतःकडे वळवला आणि आपल्या उमेदवारांना स्वतःच्या हाताने वाटला. निवडून आलेला आमदार मग लॉबीवाल्याचा मिंधा राहण्याऐवजी अन्रूंचा मिंधा राहिला. याला सुधारणा म्हणायचं की मालक बदलणं, हे ज्याने त्याने ठरवावं. मला दोन्ही खरं वाटतं.

लॉबीवाल्यांबद्दल त्यांच्या नावावर आणखी एक वाक्य फिरतं. मधला भाग छापण्याजोगा नाही, तो गाळून सांगायचं तर: त्यांचं खाऊन, त्यांची दारू पिऊन, वर त्यांच्याच विरोधात मत देता येत नसेल, तर या सभागृहात तुमचं काय काम?

अंग अवाढव्य, आवाज तसाच, टोपणनाव 'बिग डॅडी'. ते नाव त्यांना आवडत नसे, पण 1963 च्या जुलैनंतर ते कायमचंच चिकटलं. शाळांच्या अनुदानाचं विधेयक होतं. पैसे कसे वाटणार ते आधी दाखवा, मगच मत देऊ, असं म्हणून रिपब्लिकन आमदार अडून बसले. अन्रूंनी सभागृहाची दारं बंद करायचा नियम लावला आणि त्यांना रात्रभर आत कोंडून ठेवलं. विधेयकाचं काय झालं ते लोक विसरले, कोंडलेले आमदार वर्तमानपत्रांच्या पानांवर राहिले.

त्याच माणसाने विधानसभेला तज्ज्ञ कर्मचारी मिळवून दिले आणि 1966 मध्ये घटनादुरुस्ती करवून तिला पूर्णवेळ केलं. आमदाराचा वार्षिक पगार सहा हजार डॉलरवरून सोळा हजार झाला. इतर राज्यं कॅलिफोर्नियाच्या राजधानीचा, सॅक्रामेंटोचा, दाखला देऊ लागली.

1968 मध्ये राष्ट्राध्यक्षपदासाठी उतरलेल्या रॉबर्ट केनेडींच्या कॅलिफोर्नियातल्या प्रचाराची धुरा अन्रूंकडे होती. लॉस एंजेलिसच्या अँबेसेडर हॉटेलात केनेडींना गोळ्या लागल्या, तेव्हा ते तिथेच होते. जमाव मारेकऱ्याला ठेचायला निघाला होता. अन्रूंनी ते जड शरीर मध्ये घातलं आणि पोलिसांच्या गाडीत त्याच्याबरोबर बसून गेले. डॅलसमध्ये पाच वर्षांपूर्वी जॉन केनेडींचा संशयित मारेकरी पोलिसांच्या ताब्यात असताना मारला गेला होता. तसं पुन्हा होऊ नये, एवढंच त्या क्षणी त्यांच्या डोक्यात होतं.

मग उतरण लागली. 1970 मध्ये ते तेव्हाचे गव्हर्नर रोनाल्ड रेगन यांच्याविरुद्ध गव्हर्नरपदाला उभे राहिले. पैसा जवळ नव्हता. पैशाबद्दल ते वाक्य बोललेल्या माणसाकडे! प्रचाराची सुरुवात म्हणून त्यांनी बसभर पत्रकार भरले आणि बेल एअरमधल्या हेन्री साल्वातोरी या तेलसम्राटाच्या बंगल्यासमोर नेऊन उभे केले. रेगनच्या करयोजनेत या श्रीमंताचा किती फायदा आहे ते त्याच्या फाटकाशी सांगायचं, असा बेत. साल्वातोरी स्वतः बाहेर आले, रस्त्यावरच बाचाबाची झाली, आणि टीव्हीवर दिसला तो दुसऱ्याच्या दारात जाऊन भांडणारा जाडजूड पुढारी. रेगन जिंकले. 1973 मध्ये लॉस एंजेलिसच्या महापौरपदाच्या पहिल्या फेरीत टॉम ब्रॅडली आणि सॅम यॉर्टी यांच्यामागे तिसरा क्रमांक आला. अन्रू संपले, असंच सगळे धरून चालले.

1974 मध्ये त्यांनी राज्याच्या खजिनदारपदाची निवडणूक लढवली तेव्हा लोकांना वाटलं, बरं झालं, पेन्शनची सोय झाली.

खजिनदार म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे गणेश मंडळातला पावतीपुस्तक सांभाळणारा माणूस येतो. भारतातल्या राज्यांत असं निवडून आलेलं पदच नाही. अर्थमंत्री आमदारांमधून येतो, बिलं कोषागारातून निघतात, आणि राज्याने कर्ज काढायचं तर रोख्यांचा लिलाव रिझर्व्ह बँक करते. अमेरिकेतल्या बऱ्याच राज्यांत मात्र खजिनदाराला थेट लोक निवडून देतात, गव्हर्नर त्याला काढू शकत नाही. पण कॅलिफोर्नियात तेव्हा या पदाला वजन नव्हतं. अन्रूंच्या आधी तिथे आयव्ही बेकर प्रीस्ट होत्या. राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवरच्या काळात त्या देशाच्या खजिनदार होत्या, डॉलरच्या नोटांवर त्यांची सही असे. मान मोठा, हातात फारसं काही नाही, असाच हाही प्रकार.

अन्रूंनी या अडगळीत काय पाहिलं? राज्याला धरण बांधायचंय, शाळा बांधायच्यात, तर रोखे काढावे लागतात. ते विकायचे दोन मार्ग. एक, बोली लावायची, सर्वांत कमी व्याज मागेल त्या कंपनीला द्यायचे. दुसरा, कंपनी आधीच निवडायची आणि तिच्याशी बोलून दर ठरवायचा. दुसऱ्या मार्गात कंपनी निवडणाऱ्याची मर्जी चालते. हजार डॉलरच्या रोख्यामागे दलाली दहा डॉलर जरी धरली, तरी 20 कोटी डॉलरच्या रोख्यांवर 20 लाख होतात. वॉल स्ट्रीटवरच्या पेढ्यांना हा हिशेब कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

त्यात काळही जुळून आला. प्रदूषण नियंत्रण, रुग्णालयं अशा कामांना कर्ज उभं करून देणारी सरकारी प्राधिकरणं सत्तरच्या दशकात निघत होती आणि त्यांवर खजिनदाराला जागा असे. विधानसभेत अन्रूंचे जुने चेले बसलेले होतेच. 1978 मध्ये मतदारांनी तेरावा प्रस्ताव मंजूर करून मालमत्ता कर मूल्याच्या एक टक्क्यावर बांधून टाकला. शहरं आणि जिल्हे पैशासाठी इकडेतिकडे पाहू लागले, आणि रोख्यांचं महत्त्व आणखी वाढलं. 1981 मध्ये राज्यभरातल्या सार्वजनिक कर्जांची माहिती ठेवणारा आयोग स्थापन झाला, तोही खजिनदाराच्याच छत्राखाली. कायद्यातलं एकेक कलम जोडत खुर्चीचे पाय रुंद होत गेले.

1978, 1982, 1986, प्रत्येक वेळी ते पुन्हा निवडून आले. तगडा प्रतिस्पर्धी समोर नसतानाही रोखे विकणाऱ्या पेढ्यांच्या देणग्या त्यांच्या प्रचारनिधीत येत राहिल्या. यावर टीका झाली, आणि ती रास्त होती. आईच्या दुधाचा नियम आमदारांना लागू होता तसाच इथेही लागू झाला, फक्त देणारे आता सॅक्रामेंटोच्या बारमध्ये भेटत नसत, न्यूयॉर्कहून विमानाने येत. अशा देणग्या देणाऱ्या कंपनीला दोन वर्षं त्या सरकारचं रोख्यांचं काम करायला बंदी घालणारा देशव्यापी नियम 1994 मध्ये आला.

पण याच खुर्चीतून त्यांनी एक काम असं केलं की त्याचे परिणाम कॅलिफोर्नियाबाहेर पोचले. राज्याच्या कर्मचाऱ्यांच्या आणि शिक्षकांच्या दोन प्रचंड पेन्शन फंडांवर खजिनदार पदसिद्ध सदस्य असतो. 1984 मध्ये टेक्सॅको या तेलकंपनीने, बास बंधू हे बडे गुंतवणूकदार आपल्यावर ताबा मिळवू पाहतील या भीतीने, त्यांच्याकडचे शेअर बाजारभावाहून चढ्या किमतीला परत घेतले. रक्कम सव्वा अब्ज डॉलरहून जास्त. बाकीच्या भागधारकांना ती किंमत कुणी देऊ केली नाही, आणि त्यांत हे पेन्शन फंडही होते. अन्रू भडकले. शिक्षकांच्या पैशांनी शेअर घ्यायचे आणि मालक म्हणून विचारणार मात्र कुणी नाही? 1985 मध्ये त्यांनी न्यूयॉर्क शहराचे हिशेबप्रमुख हॅरिसन गोल्डिन आणि इतरांना बरोबर घेऊन संस्थात्मक गुंतवणूकदारांची परिषद उभी केली. मोठ्या फंडांनी कंपन्यांच्या संचालकांना जाब विचारायची जी पद्धत आज रूढ आहे, तिच्या सुरुवातीच्या पायऱ्यांपैकी ही एक.

4 ऑगस्ट 1987 रोजी प्रोस्टेटच्या कर्करोगाने ते पदावर असतानाच गेले. वय 64.

आणि मग या अडगळीतल्या खुर्चीसाठी लढाई सुरू झाली. रिपब्लिकन गव्हर्नर जॉर्ज ड्युकमेजियन यांनी अमेरिकी संसदेचे सदस्य डॅन लंग्रेन यांचं नाव दिलं. विधानसभेने मान्य केलं, राज्याच्या सिनेटने नाकारलं. एका सभागृहाची मंजुरी पुरते की नाही, हा वाद राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात गेला आणि पुरत नाही असा निकाल लागला. 1989 च्या जानेवारीत राजकारणाशी संबंध नसलेले लेखापरीक्षक थॉमस हेज त्या जागेवर आले. पुढच्याच वर्षी कॅथलीन ब्राउन यांनी त्यांना हरवलं. त्या पॅट ब्राउन यांच्या कन्या, म्हणजे ज्यांच्या कारकिर्दीत अन्रूंचा नागरी हक्क कायदा झाला त्या गव्हर्नरांच्या. खजिनदारपदावरून त्या 1994 मध्ये गव्हर्नरपदाला उभ्या राहिल्या आणि हरल्या. पुढे 2006 मध्ये फिल अँजेलिडिस, 2018 मध्ये जॉन चियांग. दोघेही त्याच खुर्चीतून उठून गव्हर्नरपदाच्या शर्यतीत उतरले आणि दोघेही हरले.