आर्मेनियातील मूकपट

सोव्हिएत आर्मेनियाच्या सरकारने १६ एप्रिल १९२३ रोजी चित्रपटांसाठी स्वतंत्र सरकारी संस्था स्थापन केली. तिची सूत्रे दानिएल झनुनी यांच्याकडे होती. या संस्थेतून पुढच्या दहा-बारा वर्षांत जे मूकपट निघाले, त्यांत जुन्या कौटुंबिक रूढी, सरंजामी सत्ता आणि गरिबी हे विषय सातत्याने आढळतात. जुन्या समाजाचे दोष दाखवणे सोव्हिएत राजवटीला सोयीचे होते, हे खरे. पण हे दोष आर्मेनियन लेखकांनी रशियन क्रांतीच्या कितीतरी आधीच मांडलेले होते आणि चित्रपटांनी आपले कथानक बहुधा त्यांच्याकडूनच घेतले.

पहिला कथापट ‘नामूस’ (१९२५) याचे उत्तम उदाहरण आहे. अलेक्सांद्र शिरवानझादे यांच्या साहित्यकृतीवरून हामो बेकनाझार्यान यांनी तो जॉर्जियातील चित्रसंस्थेच्या सहकार्याने तयार केला. शमाखी शहरातील सुसान आणि सेयरान यांचे लग्न ठरलेले असते; परंतु लग्नाआधी वधूवरांनी एकमेकांना भेटू नये, हा दंडक ते मोडतात. भेटीची कुणकुण लागताच सुसानचा बाप, घराण्याच्या अब्रूला बट्टा लागला म्हणून, तिला रुस्तम नावाच्या दुसऱ्याच माणसाला देतो. दुखावलेला सेयरान तिच्या चारित्र्यावर खोटा आळ घेतो. रुस्तम तिचा जीव घेतो आणि ती निर्दोष होती हे त्याला नंतर कळते. यात खलनायक असा कोणीच नाही. बाप, नवरा आणि प्रियकर हे तिघेही लोकनिंदेच्या धाकाने वागतात, आणि चित्रपटाची खरी ताकद यातच आहे. होव्हानेस आबेल्यान, हास्मिक, ह्राच्या नेर्सिस्यान हे रंगभूमीवरचे कसलेले नट त्यात होते.

बेकनाझार्यान यांच्या ‘झारे’ (१९२६) या चित्रपटात यझिदी (स्वतंत्र धर्म पाळणाऱ्या) कुर्दांचे जीवन येते. तिथे मेंढपाळावर प्रेम करणाऱ्या मुलीला बेगाच्या, म्हणजे स्थानिक सरंजामदाराच्या, सत्तेशी सामना करावा लागतो. अल्पसंख्य समाजाला मध्यवर्ती स्थान देणारा म्हणून हा मूकपट विशेष महत्त्वाचा आहे. ‘खासपुश’ इराणमधील तंबाखूच्या मक्तेदारीविरुद्धच्या उठावावर, तर ‘ज्वालामुखीवरील घर’ (१९२८) बाकूच्या तेलकामगारांवर आधारलेला होता. ‘शोर आणि शोरशोर’ (१९२६) हा पहिला विनोदी चित्रपट.

होव्हानेस तुमान्यान यांच्या कथेवरचा ‘गिकोर’ (१९३४) हा उशिराच्या मूकपटांपैकी एक. खेड्यातला बाप, मुलाचे भले व्हावे म्हणून, त्याला तिफ्लिसच्या (आजच्या त्बिलिसीच्या) व्यापाऱ्याकडे कामाला ठेवतो, आणि तिथल्या हालअपेष्टांत तो मुलगा दगावतो. १९३५ मध्ये बेकनाझार्यान यांच्याच ‘पेपो’ने आर्मेनियन बोलपटाची सुरुवात केली.