सकळ लिपी: मराठी सगळ्यांसाठी, किल्ली मोजक्यांकडे

केशवराज सूरी संस्कृतचे पंडित. महानुभाव पंथात आल्यावर पंथाचे संस्थापक चक्रधरस्वामी यांचा उपदेश संस्कृतात मांडायचे त्यांच्या मनात होते. पंथाचे पहिले आचार्य नागदेव यांनी त्यांना अडवले. संस्कृतात लिहिले तर माझ्या म्हाताऱ्या बिचाऱ्या नागवल्या जातील, असे त्यांचे म्हणणे पंथाच्या परंपरेने जपले आहे. त्यांच्या पंथात बायका होत्या आणि पाठशाळेची पायरी न चढलेली माणसे होती. स्वामी त्यांच्याशी मराठीत बोलले, म्हणून लिहायचेही मराठीतच. केशवराजांनी ऐकले. सूत्रपाठ आणि दृष्टान्तपाठ मराठीत तयार झाले.

ही तेराव्या शतकाच्या उत्तरार्धातली गोष्ट. पण पुढच्या शतकात याच पंथाने म्हाताऱ्यांसाठी राखलेल्या या मराठीला कुलूप घातले. कुलपाचे नाव सकळ लिपी. 'सकळ' म्हणजे सगळे, आणि वाचता येणार मात्र मोजक्यांना! नाव ठेवणाऱ्याला हा विरोध जाणवला असेल का, हा प्रश्न काही माझ्या मनातून जात नाही.

कुलूप का लागले हे समजायला थोडे मागे जावे लागते. चक्रधरस्वामी गेल्यानंतर त्यांचे शिष्य म्हाइंभट यांनी त्यांच्या आठवणी गोळा केल्या. ज्याने जे पाहिले, ऐकले ते त्याच्याकडे जाऊन विचारायचे, पडताळायचे आणि मगच लिहायचे, ही त्यांची रीत. शके 1200 च्या सुमारास, म्हणजे इसवी सन 1278 च्या आसपास, विदर्भातल्या ऋद्धिपुरात लीळाचरित्र सिद्ध झाले. 1296 मध्ये अलाउद्दीन खिलजी देवगिरीवर चालून आला. पुढे दिल्लीच्या फौजा पुन्हा पुन्हा येत राहिल्या आणि 1318 पर्यंत यादवांचे राज्य संपले. या धावपळीत पंथाच्या मूळ पोथ्या गेल्या. ज्यांना पाठ होते त्यांच्या तोंडून ग्रंथ पुन्हा उभे करावे लागले. हिराइसा या साध्वीच्या स्मरणातून उतरलेला पाठ त्यातच येतो. बाकीचे पाठ वेगवेगळ्या शिष्यांचे, आणि त्यांच्यात फरक आहेत. म्हातारीला कळावे म्हणून मराठीत लिहिलेला ग्रंथ एका बाईच्या आठवणीने वाचवला, हे इथे नोंदवून ठेवतो.

एकदा पोथी गमावलेला माणूस दुसऱ्या वेळी ती सहजासहजी कोणाच्या हातात देत नाही. पण लुटारूंची भीती हे एकच कारण नव्हते. जातिभेद न मानणारा, बायकांना संन्यास देणारा पंथ सनातन्यांना खुपत होता. शिवाय आपले ग्रंथ पंथाबाहेरच्याने वाचू नयेत, त्यात कोणी भर घालू नये, ही श्रद्धेची बाजूही होती. मला हे शेवटचे कारण जास्त वजनाचे वाटते. शत्रूपासून लपवायचे असते तर पोथी जमिनीत पुरली असती. लिपी बनवून वर्षानुवर्षे नकला उतरवत बसणे हे लपवण्यापेक्षा जपण्याचे काम आहे.

सकळ लिपीचे श्रेय परंपरेने रवळोबासांना दिले जाते. पंथाच्या सात काव्यांपैकी सह्याद्रिवर्णन त्यांचेच. तत्त्व साधे होते. भाषा मराठीच ठेवायची, फक्त बाळबोध अक्षरांच्या जागी ठरवलेली दुसरी चिन्हे घालायची. नवी भाषा कोणी घडवली नाही, जुन्याच भाषेने वेषांतर केले. ही युक्तीही भारतात नवी नव्हती. कामसूत्राने चौसष्ट कलांमध्ये 'म्लेच्छितविकल्प' नावाने सांकेतिक बोलण्या-लिहिण्याची कला धरली आहे. त्यावरच्या जयमंगला टीकेत 'मूलदेवीय' ही रीत दिली आहे. तिच्यात च आणि ट, त आणि प अशा अक्षरांच्या जोड्या ठरवून अदलाबदल करतात. त्या हिशेबाने 'टोपी'ची 'चोती' होते आणि 'चटपट'चे 'टचतच'. शाळेत आम्ही 'च'च्या भाषेत 'चुठेक चातोसज' विचारायचो, त्याची ही फार दूरची आजी. महानुभावांनी मूलदेवीय पाहूनच लिपी केली असे मात्र म्हणायचे नाही.

सकळ लिपी एकटी राहिली नाही. सुंदरी, पारमांडल्य, अंक, शून्य, सुभद्रा, श्री, वज्र अशा लिप्यांची रांगच लागली. पंथात आम्नाय पडले, म्हणजे गुरुपरंपरेच्या शाखा झाल्या, तशा किल्ल्याही वाढल्या. त्याच महाराष्ट्रात मोडी लिपी कारभाराच्या कामाला भराभर धावत होती आणि इथे साधू बोरू घेऊन अक्षर अक्षर बदलत बसले होते. या पोथ्या पंथाबरोबर पंजाबपर्यंत पोचल्या. तिकडच्या जयकृष्णी, म्हणजे महानुभावच, महंतांनी मराठीला धर्मभाषा म्हणून सांभाळले.

या गुप्ततेची किंमत पंथाने पुरेपूर मोजली. जे वाचता येत नाही त्यात काहीतरी वाईटच असणार, असा लोकांचा समज झाला. 'करणी कसाबाची, बोलणी मानभावाची' ही म्हण घराघरात रुळली. 'मानभावी' म्हणजे ढोंगी, हा शब्द तर आपण आजही बिनदिक्कत वापरतो. तो एका पंथाच्या नावावरून पडला हे बोलताना कोणाच्या ध्यानातही येत नाही. दुसरे नुकसान मराठीचे झाले. वाङ्मयाचा इतिहास लिहिणारे ज्ञानेश्वरीच्या काळाबद्दल बोलत होते आणि तिच्याही आधीचे सलग मराठी गद्य मठांमध्ये बासनात बांधलेले होते.

विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाड्यांनी सकळ लिपीची उकल केली. महाराष्ट्र सारस्वतकार वि. ल. भावे यांनी महानुभाव वाङ्मय मराठी वाचकांसमोर आणले. काही महंतांनीही मन मोठे करून किल्ल्या दिल्या आणि पोथ्या दाखवल्या. 1930 च्या दशकात ह. ना. नेने यांनी लीळाचरित्राचे भाग छापले. 1978 मध्ये वि. भि. कोलते यांची मोठी आवृत्ती निघाली, तेव्हा पंथातून तिला विरोध झाला. काय छापावे, कोणता पाठ खरा, हे ठरवणार कोण? सहाशे वर्षांपूर्वी ज्या प्रश्नातून लिपी जन्मली, तोच पुन्हा पुढे आला.

छापील लीळाचरित्र उघडले की अक्षरे बाळबोधच दिसतात. फक्त वाक्य संपते तिथे पूर्णविरामाऐवजी विसर्गासारखी दोन टिंबे असतात. हस्तलिखितांतली ही खूण संपादकांनी तशीच ठेवली आहे.