आठ पंख्यांची ‘वायपर’

‘वायपर’ (हाही एक विषारी साप) आणि ‘कोब्रा’ या 1901 साली बुडालेल्या दोन ब्रिटिश विनाशिकांचा विषय निघाला की जहाजाला सापाचं नाव कसं बाधतं, याच्याच गप्पा सुरू होतात. त्या नादात ‘वायपर’ची खरी कमाल बाजूलाच राहते, याचं फार वाईट वाटतं.

6 सप्टेंबर 1899 रोजी टाइन नदीकाठच्या हेबर्नमध्ये ती पाण्यात उतरली. लांबी 210 फूट, वजन जेमतेम साडेतीनशे टन आणि पोटात अभियंते चार्ल्स पार्सन्स यांची वाफेची टर्बाइनं, म्हणजे वाफेच्या झोतावर गरगर फिरणारी पात्यांची चाकं. टर्बाइनवर चालणारी ही जगातली पहिली विनाशिका. तेव्हाच्या विनाशिका 30 नॉटच्या आसपास धावत. चाचणीत ‘वायपर’ साडेछत्तीसच्या वर गेली, म्हणजे ताशी जवळपास 68 किलोमीटर!

टर्बाइन बसवलं आणि वेग मिळाला, इतकं ते सोपं नव्हतं. टर्बाइन भन्नाट वेगात फिरलं तरच चांगलं काम करतं, पण जहाज पुढे ढकलणारा पाण्यातला पंखा तसा फिरवला की पाणीच दगा देतं. पातं पाणी मागे रेटतं तेव्हा त्याच्या पुढच्या अंगाला दाब घटतो. उंच डोंगरावर हवेचा दाब कमी, म्हणून पाणी लवकर उकळतं आणि डाळ शिजत नाही. इथे दाब त्याहून कितीतरी जास्त घसरतो. तो वातावरणाच्या दाबाच्या सुमारे चाळिसाव्या हिश्श्यावर आला की 20 अंशांचं पाणीसुद्धा उकळतं. पात्यावर वाफेच्या पोकळ्या धरतात. फेरे वाढतात, रेटा वाढत नाही. शिवाय जास्त दाबाच्या पाण्यात शिरताच या पोकळ्या क्षणात मिटतात आणि त्या तडाख्याने धातूला खड्डे पडतात. हेच कॅव्हिटेशन.

पार्सन्सना याचा फटका आधी ‘टर्बिनिया’ या प्रायोगिक नौकेवर बसला होता. त्यांनी खिडकीची छोटी टाकी केली, तिच्यात दोन इंची पंखा फिरवला. कमी फेऱ्यांतच पोकळ्या दिसाव्यात म्हणून पाणी उकळीच्या जवळ तापवलं आणि फेऱ्यांशी जुळवलेल्या प्रकाशझोतात पात्यावरच्या पोकळ्या पाहिल्या. केवढी देखणी युक्ती! उत्तर असं निघालं की रेटा जास्त पात्यांवर वाटून द्यायचा. म्हणून ‘वायपर’ला टर्बाइनने फिरणारे चार दांडे आणि प्रत्येकावर दोन, असे आठ पंखे होते.

नोकरी मात्र अल्प ठरली. 3 ऑगस्ट 1901 रोजी सरावात, दाट धुक्यात, ऑल्डर्नी बेटाजवळच्या खडकांवर ती आदळली. माणसं सगळी वाचली. पुढच्याच महिन्यात ‘कोब्रा’ उत्तर समुद्रात दुभंगली आणि 67 जण गेले. नौदलाच्या चौकशीत दोष सांगाड्याच्या कमकुवतपणाचा ठरला. मग ‘वुल्फ’ ही विनाशिका कोरड्या गोदीत कधी मध्यावर, कधी दोन टोकांवर तोलून सांगाड्यावरचा ताण प्रत्यक्ष मोजला गेला. धुकं आणि अशक्त सांगाडा ही कारणं समोर असताना सापाला दोष देणं म्हणजे बुडालेल्या माणसांवर अन्याय आहे.

टर्बाइनचा नुसता उदोउदोही नको. मंद चालीत ‘वायपर’ कोळसा बेसुमार खायची. म्हणून तिच्यानंतरच्या ‘वेलॉक्स’मध्ये सावकाश चालीसाठी जुन्या धाटणीची दट्ट्याची छोटी इंजिनं जोडली. तरीही 1905 साली नौदलाने नव्या युद्धनौकांसाठी टर्बाइनच पक्कं केलं.